पडद्याला दुखत नाही

वय झालेल्या माणसाला नीट दिसेनासं झालं की घरातले दोनच तर्क करतात: चष्म्याचा नंबर वाढला असेल, नाहीतर मोतीबिंदू पिकला असेल. बऱ्याचदा ते बरोबरही निघतं. मोतीबिंदू हा भिंगाचा आजार आहे. गढूळ झालेलं भिंग काढून कृत्रिम भिंग बसवलं की काम होतं. डोळ्याच्या पुढची पारदर्शक काच, म्हणजे कॉर्निया, खराब झाली तर नेत्रदानातून मिळालेली बसवता येते. (नेत्रदानात अख्खा डोळाच दुसऱ्याला लावतात हा समज अजून टिकून आहे. दृष्टी देण्यासाठी बसवतात तो फक्त कॉर्निया.) पण डोळ्याच्या आतल्या मागच्या भिंतीला अस्तरासारखा लागून असलेला पडदा, म्हणजे दृष्टिपटल किंवा रेटिना, बदलता येत नाही. गर्भात तो मेंदूच्याच कोंबातून तयार होतो. मेंदूचाच बाहेर आलेला तुकडा म्हणा ना. मेलेल्या मेंदूपेशी जशा परत उगवत नाहीत, तशाच या पडद्याच्या पेशीही.

हा पडदा जेमतेम पाव मिलिमीटर जाडीचा. त्यात अंधुक उजेडात काम करणाऱ्या सुमारे 12 कोटी दंडपेशी आणि रंग व बारकावे टिपणाऱ्या 60 लाखांच्या आसपास शंकुपेशी असतात. शंकुपेशींची सगळ्यात दाट वस्ती मधोमध, मॅक्युला नावाच्या छोट्याशा भागात आहे. वाचणं, सुईत दोरा ओवणं, समोरच्याचा चेहरा ओळखणं ही सगळी कामं तिथली. बाकीचा विस्तीर्ण पडदा आजूबाजूचं भान ठेवतो.

हा पडदा भलता खादाडही आहे. वजनाच्या मानाने ऑक्सिजन सगळ्यात जास्त वापरणाऱ्या ऊतींमध्ये त्याची गणना होते. त्याला रक्त दोन बाजूंनी मिळतं: आतल्या थरांना मध्य धमनीच्या फांद्यांमधून, बाहेरच्या थरांना मागच्या रक्तवाहिन्यांच्या दाट जाळीतून. गंमत अशी की अंधारात त्याची भूक वाढते. प्रकाशपेशी अंधारात विजेच्या दृष्टीने ‘चालू’ असतात आणि प्रकाश पडला की ‘बंद’ होतात. आपण डोळे मिटून विश्रांती घेतो तेव्हा पडद्याची भट्टी जोरात पेटलेली असते. ही भूक लक्षात ठेवा, पुढे तिचं काम आहे.

आणि एवढ्या नाजूक, एवढ्या खादाड पडद्याला दुखत नाही. वेदना कळवणारे तंतूच त्याच्यात नाहीत. डोळ्यात कण गेला तर माणूस कासावीस होतो, पण पडद्यावर रक्त सांडलं तरी एक कळ येत नाही. त्यात मेंदू लबाडी करतो ती वेगळीच. डावा डोळा मिटा. दोन्ही हात लांब करून दोन्ही अंगठे शेजारी शेजारी उभे धरा. उजव्या डोळ्याने डाव्या अंगठ्याकडेच बघत राहा आणि उजवा अंगठा हळूहळू उजवीकडे न्या. वीतभरापेक्षा थोडं कमी अंतर गेल्यावर अंगठ्याचं टोक गायब होईल. डोळ्याची नस जिथून बाहेर पडते तिथे प्रकाशपेशी नसतात, म्हणून हा आंधळा ठिपका. पौर्णिमेचे दहा चंद्र ओळीने मावतील एवढी रुंद जागा तिथे रिकामी आहे आणि जन्मभर कुणाला ती खटकत नाही. आजूबाजूच्या रंगाचं ठिगळ लावून मेंदू ती झाकतो. आजाराने पाडलेल्या भोकांनाही तो हेच करतो. शिवाय दुसरा डोळा असतोच सांभाळून घ्यायला. एका डोळ्याची मधली नजर गेलेली महिनोन्‌महिने कळलीच नाही आणि सहज दुसऱ्या डोळ्यावर हात आला तेव्हा कळलं, असे रुग्ण डॉक्टरांना नवीन नाहीत.

पडद्याचे काही आजार मात्र घड्याळ लावून येतात. सगळ्यात घाईचा म्हणजे मध्य धमनीत गुठळी अडकणं. एका डोळ्यापुढे काही क्षणांत अंधार होतो, आणि तोही न दुखता. हा डोळ्यातला पक्षाघातच. पूर्ण रक्तपुरवठा तुटला तर दीड ते चार तासांत पडद्याचं कायमचं नुकसान होतं. ‘सकाळपर्यंत वाट बघू’ हा इथे सगळ्यात महाग पडणारा निर्णय. एका डोळ्यापुढे चार-पाच मिनिटं अंधारी येऊन पुन्हा स्वच्छ दिसायला लागलं तरी सुटलो म्हणून गप्प बसू नये. तीच गुठळी पुढच्या वेळी मेंदूत जाऊ शकते. हृदय आणि मानेच्या रक्तवाहिन्या त्याच दिवशी तपासून घ्यायला हव्यात.

दुसरा आजार तासांचा नसला तरी दिवसांचा आहे: पडदा सुटणं. डोळ्याची पोकळी जेलीसारख्या पारदर्शक गराने भरलेली असते. वयानुसार हा गर पातळ होतो, आक्रसतो आणि पडद्यापासून वेगळा होतो. बहुतेकांच्या बाबतीत हे बिनबोभाट घडतं, फार तर डोळ्यापुढे एखादं कोळिष्टक तरंगू लागतं. पण कुठे तो घट्ट चिकटलेला असला तर सुटताना पडद्याला ओढतो. पडद्याला एकच भाषा येते, प्रकाशाची. त्याला ओढा, दाबा, ताणा, तो मेंदूला ‘प्रकाश’ एवढंच कळवतो. म्हणून अशा माणसाला अंधारातसुद्धा डोळ्याच्या कडेला वीज चमकल्यासारखं दिसतं. ओढून पडदा फाटला की पातळ झालेला गर त्या फटीतून मागे शिरतो आणि भिंतीवरचा ओला कागद सुटावा तसा पडदा सुटत जातो. अचानक काळ्या ठिपक्यांचा पाऊस, चमका, आणि मग एका बाजूने सावली सरकत येणं, हा त्याचा क्रम. मायनस नंबर मोठा असलेल्यांना, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेल्यांना आणि डोळ्याला मार लागलेल्यांना हा धोका जास्त.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत सुटलेला पडदा म्हणजे गेलेला डोळा, असंच डॉक्टर मानत. स्वित्झर्लंडमधल्या लोझानचे नेत्रतज्ज्ञ जूल गोनँ यांनी ठामपणे सांगितलं की फाटलेली जागा हे सुटण्याचं कारण आहे, परिणाम नव्हे. ती शोधा, डाग देऊन बंद करा, पडदा परत बसेल. 1920 च्या दशकात त्यांनी ते करून दाखवलं. आज नुसती फट असेल तर लेसरने तिच्याभोवती डाग देतात. पडदा सुटला असेल तर शस्त्रक्रिया करतात आणि अनेकदा आत वायूचा बुडबुडा सोडून पडदा दाबून धरतात. बुडबुडा असेपर्यंत विमानात बसायला सक्त मनाई असते: उंचीवर हवेचा दाब घटतो, बुडबुडा फुगतो आणि डोळ्यातला दाब वाढून त्याचा रक्तपुरवठाच अडू शकतो. सावली मॅक्युलापर्यंत पोचायच्या आत शस्त्रक्रिया झाली तर नजर बरीचशी वाचते. पोचल्यानंतर पडदा बसतो, पण पूर्वीची नजर परत येईलच असं नाही.

मधुमेहाला मात्र घाई नसते. वाढलेली साखर वर्षानुवर्षं केशवाहिन्यांच्या भिंती पोखरते. त्या जागोजागी फुगतात, पाझरतात. पाझर मॅक्युलात साचला की अक्षरं धूसर होतात. काही वाहिन्या बंदच पडतात आणि पडद्याचे पट्टेच्या पट्टे उपाशी राहतात. या सगळ्या काळात तक्त्यावरची नजर 6/6 असू शकते. म्हणून ‘मला तर सगळं स्वच्छ दिसतं’ या वाक्याला मधुमेहात काहीही किंमत नाही.

उपाशी पडदा ओरडतो, पण रसायनांतून. 1948 मध्ये नेत्रतज्ज्ञ आयझॅक मायकेलसन यांनी अंदाज बांधला होता की ऑक्सिजन कमी पडलेला पडदा कुठलासा पदार्थ सोडत असावा, जो नव्या रक्तवाहिन्या उगवायला लावतो. 1989 मध्ये शास्त्रज्ञ नेपोलिओन फेरारा यांच्या गटाने असं प्रथिन वेगळं केलं आणि त्याला व्हीईजीएफ हे नाव मिळालं. 1994 मध्ये ते मधुमेहींच्या डोळ्यांतल्या द्रवात सापडलं. रक्तवाहिन्या उगवण्यात वाईट काय, असं वाटेल. पण या वाहिन्या घाईत बांधलेल्या, कच्च्या, गळक्या असतात. त्या गरात शिरतात, फुटतात, डोळा रक्ताने भरतो. त्यांच्याबरोबर येणारे व्रणाचे धागे आक्रसून पडदाच ओढून काढतात. मदतीसाठी मारलेली हाकच घात करते.

लेसरचा उपाय यातूनच समजतो, आणि मला तो पडद्याच्या सगळ्या उपचारांत सर्वात धाडसी वाटतो. काठाकडच्या पडद्यावर शेकडो बारीक डाग देऊन तो भाग मुद्दाम जाळायचा. तोंडं कमी झाली की भूक कमी, भूक कमी की व्हीईजीएफ कमी. कडेची आणि रात्रीची नजर थोडी जाते, मधली वाचते. व्हीईजीएफची ओळख पटायच्या कितीतरी आधी, 1976 मध्ये, अमेरिकेतल्या मोठ्या चाचणीने दाखवलं होतं की यामुळे तीव्र दृष्टिनाशाचं प्रमाण निम्म्याहून खाली येतं. त्याहून बरं म्हणजे लेसरची पाळीच न येऊ देणं: 1993 च्या एका मोठ्या अभ्यासात टाइप 1 मधुमेहींनी साखर काटेकोर ठेवल्यावर पडद्याचा आजार सुरू होण्याचा धोका 76 टक्क्यांनी घटला. टाइप 2 मध्ये निदान होतं त्याच वेळी पडदा तपासायचा असतो, कारण मधुमेह कधीपासून होता कुणास ठाऊक. नंतर दरवर्षी. थेंब टाकून बाहुली मोठी करतात, काही तास उजेडाचा त्रास होतो, एवढंच.

मॅक्युलाची झीज हा उतारवयातला आजार. पडद्याच्या मागे रंगद्रव्य असलेल्या पेशींचा एक थर असतो. त्याचं काम सफाईचं. प्रकाशपेशी रोज आपल्या टोकाचा सुमारे दहावा भाग टाकून देतात आणि हा थर तो गिळून पचवतो. या पेशी विभागून नव्या होत नाहीत. सत्तर-ऐंशी वर्षं रोज तेच काम केल्यावर न पचलेला कचरा साठतो आणि थराखाली पिवळसर ठिपके दिसू लागतात. ही कोरडी झीज, सावकाश चालणारी. काहींच्यात मागच्या जाळीतून कच्च्या रक्तवाहिन्या वर घुसतात आणि झीज ओली होते. मग सरळ रेघा वाकड्या दिसायला लागतात, खिडकीची चौकट मधेच पोटात गेल्यासारखी. गोनँ यांचे सहकारी मार्क आम्सलर यांनी यासाठी साधा चौकोन आखला: 10 सेंटिमीटरचा, आत अर्ध्या सेंटिमीटरच्या चौकटी, मधोमध ठिपका. वाचायचा चष्मा लावून, एकेक डोळा झाकून ठिपक्याकडे बघायचं. रेघा वाकल्या किंवा कुठे पुसल्या गेल्या तर डॉक्टरकडे जायचं. चौकोन नसेल तर फरशीच्या रेघाही चालतात. महत्त्वाचं आहे ते एकेक डोळा झाकणं.

ओल्या झिजेत 2006 मध्ये व्हीईजीएफला बांधून ठेवणारं नवं, जास्त प्रभावी इंजेक्शन आलं. त्याआधी नजर जाण्याचा वेग कमी करणं एवढंच हाती होतं. नव्या औषधाच्या चाचणीत सुमारे एक तृतीयांश रुग्ण तक्त्यावर तीन ओळी जास्त वाचू लागले. डोळ्यात सुई म्हटलं की अंगावर काटा येतो, पण डोळा बधिर करून पांढऱ्या भागातून काही सेकंदांत ती दिली जाते. खरी अडचण सुईची नसतेच. इंजेक्शनं पुन्हा पुन्हा घ्यावी लागतात आणि बरं वाटू लागलं की लोक येणं थांबवतात. कोरड्या झिजेच्या मधल्या टप्प्यात ठरावीक जीवनसत्त्वं आणि जस्ताच्या गोळ्यांनी आजार पुढे जाण्याचा धोका सुमारे 25 टक्क्यांनी घटतो, हे 2001 मध्ये दिसलं. ज्यांना झीज नाही त्यांना या गोळ्यांचा उपयोग सिद्ध झालेला नाही, जाहिराती काहीही म्हणोत. सिगारेट सोडणं मात्र सगळ्यांना लागू.

अपुऱ्या दिवसांच्या बाळांतही तेच प्रथिन खेळ करतं. त्यांच्या पडद्यावरच्या रक्तवाहिन्या अजून काठापर्यंत पोचलेल्या नसतात. म्हणून जन्मानंतर चौथ्या आठवड्याच्या सुमारास त्यांचा पडदा तपासणं फार महत्त्वाचं. पुढे उपचाराला मिळणारा वेळ काही वेळा जेमतेम दोन-तीन दिवसांचा असतो. रातांधळेपणाने सुरू होऊन कडेची नजर नळीसारखी आक्रसत नेणारा आनुवंशिक आजार वेगळा. त्याच्या बहुतेक प्रकारांवर अजून उपाय नाही, पण आरपीई 65 या एका जनुकातल्या दोषासाठी 2017 मध्ये अमेरिकेत जनुक-उपचाराला मंजुरी मिळाली.

मेंदूच्या ठिगळांची आणखी एक गोष्ट, कारण घरच्यांना ती घाबरवते. मधली नजर गेलेल्या काही माणसांना कधी कधी स्पष्ट, रंगीत दृश्यं दिसतात: अनोळखी चेहरे, नक्षीच्या भिंती, ठेंगणी माणसं. आवाज नसतो, आणि हे खरं नाही याची जाणीव त्यांना स्वतःला असते. स्विस निसर्गशास्त्रज्ञ शार्ल बोने यांनी 1760 मध्ये नजर अधू झालेल्या आपल्या आजोबांचं असंच वर्णन लिहून ठेवलं. आज या अवस्थेला त्यांचंच नाव आहे. पडद्याकडून येणारा मजकूर थांबला की मेंदू रिकामी पानं स्वतःच भरू लागतो. वेड लागलं म्हणतील या भीतीने अनेक जण हे सांगतच नाहीत. नजर अधू झालेले आजोबा रिकाम्या खुर्चीकडे बघत असले, तर ‘आजोबा, तिथे काही दिसतंय का?’ असं आपणहून विचारावं लागतं.