‘पाकीझा’ पाहायला मीनाकुमारी हयात होत्या

मीनाकुमारी गेल्या आणि मग ‘पाकीझा’ प्रदर्शित झाला, असं वर्षानुवर्षं सांगितलं जातं. ते चूक आहे. चित्रपट ४ फेब्रुवारी १९७२ रोजी लागला. आदल्या दिवशी मुंबईच्या मराठा मंदिर चित्रपटगृहात प्रीमियर झाला, त्याला त्या स्वतः हजर होत्या. त्यांचं निधन ३१ मार्चचं, म्हणजे पडद्यावर आल्यानंतर बरोबर ५६ दिवसांनी. यकृताचा सिरॉसिस हे कारण.

गैरसमज का झाला, हे समजण्यासारखं आहे. सुरुवातीला प्रतिसाद थंडच होता. त्या गेल्यावर थिएटरांत गर्दी उसळली आणि लोकांच्या आठवणीत क्रमच उलटला. शिवाय त्यांच्या मृत्यूनंतर आलेला एक चित्रपट खरोखर आहे: सावनकुमार टाक यांचा ‘गोमती के किनारे’. तोही १९७२ चाच.

चित्रीकरण रखडलं, हे मात्र खरं. १९५० च्या दशकात कृष्णधवल म्हणून सुरू झालेलं काम रंगीत झालं, मग सिनेमास्कोप या रुंद पडद्याच्या तंत्रात गेलं. १९६४ मध्ये मीनाकुमारी पती आणि चित्रपटाचे दिग्दर्शक कमाल अमरोही यांच्यापासून वेगळ्या झाल्या, काम थांबलं. मधल्या काळात कॅमेरामन योझेफ विर्शिंग आणि संगीतकार गुलाम मोहम्मद वारले. उरलेलं संगीत नौशाद यांनी पूर्ण केलं. १९६९ मध्ये चित्रीकरण पुन्हा सुरू झालं तेव्हा मीनाकुमारींची तब्येत खालावली होती, म्हणून शेवटच्या नृत्यातल्या अवघड हालचाली पद्मा खन्ना यांनी केल्या. चेहऱ्यावरचा अभिनय मात्र मीनाकुमारींचाच, आजारपणात केलेला.