प्रवाळाचा जमाखर्च

प्रवाळाचा तुकडा डोळ्यांजवळ धरला की दिसतात ती बारीक भोकं. प्रत्येक भोक ही एक खोली, आणि खोलीत एकच रहिवासी असायचा: पॉलिप. बहुतेक जातींत जेमतेम काही मिलिमीटरचा, पिशवीसारखा जीव. वर तोंड, भोवती डंख मारणाऱ्या स्पर्शकांची झालर. खायचं त्याच तोंडाने आणि नको ते बाहेर टाकायचं तेही तिथूनच. जेलीफिशचा हा नातलग, फक्त भटकणं सोडून बैठक मारलेला.

बसल्या जागी त्याचं बांधकाम चालू असतं. समुद्राच्या पाण्यातलं कॅल्शियम आणि कार्बोनेट घेऊन तो बुडाखाली चुन्याचा थर घालतो. थर चढला की स्वतः वर सरकतो, खाली नवी फरशी टाकतो आणि जुनी खोली कायमची सोडतो. त्यामुळे पुरुषभर उंचीच्या प्रवाळातही जिवंत असतो तो वरचा पातळ पापुद्रा; आत नुसते रिकामे मजले. गोळ्यासारखे प्रवाळ वर्षाला साधारण १ सेंटिमीटर वाढतात. फांद्यांचे बरेच घाईचे.

एवढी ताकद येते कुठून? उष्ण कटिबंधातलं निळंशार पाणी दिसायला देखणं, पण अन्नाच्या दृष्टीने जवळपास वाळवंट. निळं दिसतं तेच मुळी त्यात फारसं काही नसतं म्हणून. पॉलिपची खरी मिळकत त्याच्या पेशींच्या आत आहे. तिथे झुझॅन्थेली नावाचं एकपेशीय शैवाल मुक्कामाला असतं. पॉलिप त्याला आसरा देतो, आपला कार्बन डायऑक्साइड आणि टाकाऊ नायट्रोजन देतो; शैवाल उन्हात साखर तयार करतं आणि त्यातला मोठा वाटा घरमालकाच्या हवाली करतं. प्रवाळाची ९० टक्क्यांपर्यंत ऊर्जेची गरज अशी भागते. म्हणून तर प्रवाळांनी रचलेल्या भित्ती उथळ, स्वच्छ, ऊन पोचेल अशाच पाण्यात उभ्या राहतात.

मला मात्र बांधकामापेक्षा तिथली मोडतोड जास्त गमतीची वाटते. पोपटमाशाचे दात चोचीसारखे जुळलेले असतात. शैवाल खरवडताना तो दगडही कुरतडतो, घशातल्या जात्यात दळतो आणि मागून पांढरी वाळू सोडतो. एक मोठा मासा वर्षाला शेकडो किलो वाळू पाडतो. कित्येक बेटांवरची ती चित्रातल्यासारखी पुळण बऱ्याच अंशी माशांची विष्ठा आहे! शिवाय स्पंज आतून पोखरतात, समुद्री अर्चिन वरून खरडतात. दुसरीकडे चुनखडी साठवणारं लाल शैवाल मोडक्या तुकड्यांवर पसरून त्यांना सिमेंटसारखं सांधतं. या सगळ्या जमाखर्चातून जी शिल्लक उरते, ती प्रवाळभित्ती.

शिल्लक केवढी असू शकते? चार्ल्स डार्विनने १८४२ साली मांडलं की ज्वालामुखीचं बेट हळूहळू खचतं, काठावरचे प्रवाळ मात्र उन्हासाठी वर वर बांधत राहतात; शेवटी बेट बुडतं आणि प्रवाळांचं कंकण तेवढं उरतं. याचा पडताळा मिळायला शतक उलटावं लागलं. १९५२ मध्ये प्रशांत महासागरातल्या एनेवेटाक कंकणद्वीपावर खोल छिद्र पाडलं, तेव्हा १,२०० मीटरहून जास्त चुनखडी भेदल्यावर ज्वालामुखीचा काळा खडक लागला. उथळ पाण्यातल्या जिवांनी रचलेला एवढा ढीग! जवळपास पाच कोटी वर्षं खचण्यापेक्षा बांधणं पुढे राहिलं होतं.

आता ताळेबंद बिघडतो तो शैवालाच्या बाजूने. पाण्याचं तापमान उन्हाळ्यातल्या नेहमीच्या कमाल पातळीपेक्षा फक्त १ अंशाने वाढून काही आठवडे तसंच राहिलं, की शैवालाची यंत्रणा बिघडते, त्यातून ऑक्सिजनची घातक रूपं तयार होतात आणि पॉलिप भाडेकरूला हाकलतो. रंग जातो, पारदर्शक कातडीतून पांढरा सांगाडा दिसू लागतो. हेच ब्लीचिंग. पांढरा पडलेला प्रवाळ मेलेला नसतो, उपाशी असतो. पाणी वेळेत निवलं तर शैवाल परतू शकतं. जगभर एकाच वेळी पसरलेली अशी चौथी लाट एप्रिल २०२४ मध्ये जाहीर झाली.

पाणी निवलं नाही तर पॉलिप मरतो. उघड्या सांगाड्यावर थोड्याच दिवसांत शैवालाची लव धरते, आणि ती खरवडायला पोपटमासे येतात, नेहमीसारखे.