क्षीरसागर

क्षीरसागर म्हणजे पुराणांतल्या सात समुद्रांपैकी दुधाचा समुद्र. क्षीरोद, क्षीराब्धी, दुग्धसिंधू ही त्याचीच नावं. शेषशायी विष्णू, समुद्रमंथन, चौदा रत्नं हे सगळ्यांना माहीतच असतं, लग्नात 'लक्ष्मीः कौस्तुभ पारिजातक' ऐकतच आपण मोठे होतो, म्हणून ते इथे परत सांगत नाही. खरा घोळ आहे तो हा समुद्र नेमका कुठे होता आणि तिथे गेलं कोण, याचा.

स्थान : पुराणांत सात द्वीपं आणि सात समुद्र एकाभोवती एक वलयांसारखे आहेत. विष्णुपुराणाच्या लिस्टमध्ये आतून बाहेर क्रम असा, लवण, इक्षुरस, सुरा, घृत, दधी, क्षीर आणि गोडं पाणी, म्हणजे दूध सहावं आणि ते शाकद्वीपाभोवती. भागवताच्या पाचव्या स्कंधात मात्र दूध पाचवं येतं, क्रौंचद्वीपाभोवती, आणि दही त्याच्या पुढे जातं. हा फरक छोटा वाटतो पण नाहीये, कारण जंबुद्वीप (सगळ्यात मधलं) १ लाख योजनं (योजन म्हणजे अंतराचं जुनं माप), पुढचं प्रत्येक द्वीप आधीच्याच्या दुप्पट आणि समुद्र आपल्या द्वीपाएवढाच रुंद असा हिशोब आहे, त्यामुळे एकाच्या मते क्षीरसागर ३२ लाख योजनं रुंद होतो आणि दुसऱ्याच्या मते १६ लाख. भास्कराचार्यांनी सिद्धांतशिरोमणीत (११५०) तर तिसराच मॅप मांडला. पृथ्वी गोल धरून उत्तरेचा अर्धा भाग जंबुद्वीपाला दिला आणि बाकीची सहा द्वीपं नि समुद्र दक्षिणेकडे टाकले, त्यात 'लवणजलधिरादौ दुग्धसिन्धुश्च तस्मात्' म्हणजे खाऱ्या समुद्रानंतर लगेच दूध. याउलट महाभारतातलं नारायणीय उपाख्यान हा समुद्र मेरूच्या, म्हणजे जगाच्या मध्यावरच्या पर्वताच्या, उत्तरेला सांगतं. या सगळ्यांचा मेळ घालायचा प्रयत्न करण्यापेक्षा प्रत्येक परंपरेनं आपल्या गरजेप्रमाणे त्याला जागा दिली असं मानणं मला जास्त पटतं.

दूध आलं कुठून? रामायणाच्या बालकांडात देव-दैत्य क्षीरोदच घुसळायला घेतात, म्हणजे तो आधीपासून दुधाचाच. आदिपर्वात तसं नाही. तिथे मंदराचलावरच्या झाडांचे आणि वनस्पतींचे रस समुद्रात उतरतात, त्यानं पाणी दूध होतं आणि मग त्या दुधाचं तूप. ही कल्पना जास्त जुनी असावी असं वाटतं, पण खात्रीनं सांगणं अवघड.

प्रवासी : क्षीरसागराच्या काठाला गेल्याचं सविस्तर वर्णन मुख्यतः शांतिपर्वातल्या नारायणीयात आहे (काळ बहुधा इसवी सनाची पहिली काही शतकं). एकत, द्वित आणि त्रित हे तिघे भाऊ नारायणाच्या दर्शनासाठी तिथे एका पायावर उभे राहून तप करतात, मग समुद्राच्या उत्तरेकडच्या श्वेतद्वीपावर पोचतात आणि तिथल्या तेजानं त्यांचे डोळेच दिपतात. आणखी शंभर वर्षं तप केल्यावर चंद्रासारखी पांढरी, हात जोडून उभी असलेली माणसं दिसतात, पण देव दिसत नाही आणि तिघांना तसंच परत यावं लागतं. नंतर नारद जातो आणि त्याला विश्वरूप दिसतं. होडी, वारा, दिशा यांचा इथे काही संबंध नाही, पोचायचं ते अधिकारानं. त्या माणसांना ६० दात आणि ८ सुळे असतात, ती काही खात नाहीत, त्यांना इंद्रियंही नाहीत.

या पांढऱ्या माणसांवरून १९व्या शतकापासून बराच वाद झाला. कंपनीच्या सैन्यातला अधिकारी फ्रान्सिस विल्फर्डनं श्वेतद्वीप म्हणजे ब्रिटन असं ठरवलं, पण त्याच्या पंडितानं हस्तलिखितांत फेरफार करून दिले होते हे त्यालाच पुढे कबूल करावं लागलं. जर्मन संस्कृत अभ्यासक वेबरला यात ख्रिस्ती देशाच्या प्रवासाची आठवण दिसली. रा. गो. भांडारकरांनी १९१३च्या ग्रंथात श्वेतद्वीप हा नारायणाचा स्वर्ग मानला, जसं विष्णूचं वैकुंठ आणि शिवाचा कैलास तसं. भांडारकरांचं म्हणणं मूळ मजकुराला सगळ्यात जवळचं आहे.

जैन परंपरा : इथे क्षीरसमुद्र पाचवा. तीर्थंकराच्या जन्माभिषेकाला देव त्याचंच पाणी मेरूवर आणतात आणि दीक्षेच्या वेळी उपटलेले केस इंद्र त्यातच सोडतो. हा समुद्र मानुषोत्तर पर्वताच्या पलीकडे आहे आणि तिथे माणसाला जाता येत नाही, त्यामुळे इथे मानवी प्रवासी असायचा प्रश्नच नाही.

दुधाळ समुद्र : रात्री मैलोन् मैल समुद्र एकसारखा पांढरा चमकताना खलाशांनी पाहिलाय, विशेषतः अरबी समुद्राच्या पश्चिम भागात. कारण बहुधा व्हिब्रिओ हार्वेयी हे जिवाणू. १९९५ला सोमालियाजवळ एका जहाजानं नोंदवलेली अशी चमक नंतर सॅटेलाइटच्या जुन्या डेटात सापडली, क्षेत्र सुमारे १५,४०० चौ. किमी. क्षीरसागराची कल्पना यातूनच आली असं म्हणायचा मोह होतो, पण वर दिलेल्या वर्णनांत समुद्राच्या रात्रीच्या चमकीचा उल्लेख नाही, तेज आहे ते द्वीपाचं नि देवाचं, म्हणून हा संबंध जोडू नये असं वाटतं. २०१९ला जावाच्या दक्षिणेला एक यॉट अशाच पाण्यातून गेली, लोकांनी बादलीभर पाणी वर काढलं तर त्यात स्थिर चमकणारे ठिपके होते, आणि ढवळल्यावर ते विझत गेले.