साइड रोल आणि एका सीनचं काम

'साइड रोल' हा शब्द आपण सरसकट वापरतो. नायिकेची आई असो की काउंटरमागून एक वाक्य बोलून पुढच्याला बोलावणारी बाई, आपल्या लेखी दोघी साइडलाच. गंमत म्हणजे फिनिश भाषेतही शब्द जवळपास तोच आहे: सिवुओसा. 'सिवु' म्हणजे बाजू, 'ओसा' म्हणजे भाग. पण १९४४ पासून दिल्या जाणाऱ्या फिनलंडच्या युस्सी या सिनेमा-पुरस्कारांत या सिवुओसाचं स्वतंत्र बक्षीस आहे, काउंटरमागच्या बाईचं नाही. म्हणजे फरक तर आहे. तो कसा ओळखायचा?

यासाठी फिनिश नटी एलिना सालो यांच्यासारखं उदाहरण नाही. जन्म १९३६चा. 'कासुआ, कोमिसारियो पाल्मु!' (१९६१) या पोलीसकथेच्या काळात त्या तरुण नटी होत्या. पुढे दिग्दर्शक आकी काउरिस्माकीच्या सिनेमांत त्या पुन्हा पुन्हा दिसत राहिल्या, आणि त्यांनी दोन्ही प्रकारची कामं केली.

'ड्रिफ्टिंग क्लाउड्स' (१९९६) घ्या. सालो त्यात हेलसिंकीतल्या डुब्रोव्हनिक रेस्टॉरंटच्या मालकीणबाई, मिसेस श्योहोल्म. रेस्टॉरंट हातचं जातं आणि हेड वेट्रेस इलोनाची नोकरी सुटते. नवराही बेकार, ट्रामवरचं काम गेलेलं. त्यानंतर मधला बराच सिनेमा मालकीणबाईंशिवाय चालतो. शेवटाकडे इलोनाची त्यांच्याशी योगायोगाने गाठ पडते, रिकामपणाला कंटाळलेल्या बाई पैसे घालायला तयार होतात आणि नवं रेस्टॉरंट उभं राहतं. नाव 'त्यो', म्हणजे 'काम'. घड्याळ लावून मोजलं तर बाईंची मिनिटं फार भरायची नाहीत. पण त्यांना वगळा, इलोनाची नोकरीही जात नाही आणि रेस्टॉरंटही उघडत नाही. कथा दोन टोकांना त्यांच्यावर टेकलेली आहे. साइड रोल म्हणतात तो हा.

आता 'द मॅन विदाउट अ पास्ट' (२००२). त्यात सालो गोदीच्या कचेरीतली कारकून बाई आहेत. हे एका सीनचं काम. तिथे दुसरी कुणी नटी बसवली असती तरी कथेचं काही अडलं नसतं. अडलं नसतं, पण सिनेमा किंचित पातळ झाला असता, कारण काउरिस्माकीकडे टेबलामागे बसणारा माणूससुद्धा आयुष्यभर तिथेच बसल्यासारखा वाटावा लागतो. चेहऱ्यावरची रेघ न हलवता हे करायचं, तर मुरलेला नट लागतो.

म्हणून मिनिटांवर जाऊ नये. 'द मॅच फॅक्टरी गर्ल' (१९९०) जेमतेम सव्वा तासाच्या आत संपतो आणि त्यात माणसं फारशी बोलतच नाहीत. सालो तिथे आईच्या भूमिकेत आहेत. मुलगी आगपेट्यांच्या कारखान्यातून पगार आणते, आई आणि सावत्र बाप टीव्हीसमोर. एकदा मुलगी त्याच पगारातून भडक रंगाचा ड्रेस घेते, तर बाप थोबाडीत मारतो आणि आई तो परत करायला सांगते. संवाद एवढाच, पण मुलगी पुढे उंदराचं विष का विकत घेते, ते या घरामुळेच पटतं.

सालो हेलसिंकीच्या लिल्ला थिएटरमध्येही काम करत. हे स्वीडिश भाषेतलं नाट्यगृह, स्थापना १९४०ची. फिनलंडमधल्या बऱ्याच नाट्यगृहांत नट पगारी संचात असतात, आपल्यासारखा नाइटचा, म्हणजे दर प्रयोगामागे पैशांचा, हिशोब नसतो. आज मोठी भूमिका, उद्या दुसऱ्या नाटकात कोपऱ्यात उभं राहणं, हे अशा संचात गृहीतच असतं. त्यामुळे छोटं काम घेतलं म्हणजे नट घसरला, अशी भावना तिथे कमी असावी, असं मला वाटतं.

आणि फिनलंडच्या पोरांना सालो चेहऱ्याने नव्हे, आवाजाने ठाऊक! मूमिन या मुलांच्या कार्टून मालिकेच्या फिनिश डबिंगमध्ये पिक्कु म्यू या तुरतुरीत, भांडकुदळ पात्राला त्यांचा आवाज आहे.

राहिलं एक अवघड प्रकरण: 'ल हाव्र' (२०११). त्यात सालो म्हणजे फ्रेंच बंदरातली बार चालवणारी क्लेअर. बूटपॉलिशवाला मार्सेल आफ्रिकेतून आलेल्या मुलाला पोलिसांपासून लपवतो, आणि गल्ली त्याच्या बाजूने उभी राहते. क्लेअरला काढलं तरी मुलगा, पोलीस, मार्सेल सगळे जागेवरच असतात. काटेकोरपणे बघितलं तर हे लहान काम. पण गल्ली जमायची ती तिच्याच बारमध्ये, म्हणून मी त्याला साइड रोलच म्हणेन.