पार्श्वभूमी : मोबाइलपुढचा 'मी' आणि मराठवाडा

व्हिडिओ-परफॉर्मन्सचा, म्हणजे कलावंताने कॅमेऱ्यासमोर स्वतः सादर केलेल्या कलेचा, इतिहास सहसा कलादालनातून सांगितला जातो. 1967च्या सुमारास एकट्याला खांद्यावर नेता येईल असा व्हिडिओसंच परदेशात निघाला आणि कलावंतांनी कॅमेरा स्वतःच्या देहाकडे वळवला; आपल्याकडे मुंबई-दिल्लीत हे 1990नंतर रुजलं. बीड-परभणीपर्यंत त्यातलं फारसं काही आलं नाही. इथला व्हिडिओ म्हणजे लग्नाची कॅसेट.

दुसऱ्याचं सोंग घेऊन 'मी' म्हणायची सवय मात्र जुनी. पैठणच्या संतकवीने सोळाव्या शतकात जोशी, गोंधळी, आंधळा, मुका यांना भारुडात बोलतं केलं. बहुरूपी आणि रायरंद पोलिसाचा नाहीतर साधूचा वेश घेऊन दारोदार फिरत.

खरा पालट सप्टेंबर 2016नंतरचा. डेटा स्वस्त झाला, पाठोपाठ टिकटॉक हे छोट्या व्हिडिओंचं चिनी ॲप आलं. विटेला टेकवलेला मोबाइल, मागे कापसाचं रान किंवा ऊसतोडीच्या फडातल्या कोप्या, आवाज एखाद्या सिनेमातला आणि ओठ आपले. ड्युएटमध्ये अर्ध्या पडद्यावर अनोळखी माणूस, अर्ध्यावर आपण. फिल्टरने रंग उजळायचा. काहींना तो हवा असे, काही जण मुद्दाम काढून टाकत. याला कला म्हणायला शहरातली मंडळी तयार नव्हती, आणि आजही अनेक जण नाहीत.

एप्रिल 2019मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या अंतरिम आदेशानंतर हे ॲप स्टोअरवरून हटलं, महिन्याच्या आतच परतलं. ज्यांच्या फोनात ते आधीपासून होतं त्यांना झळ बसली नाही, म्हणून कुणी मनावरही घेतलं नाही. मग 15 जून 2020ला गलवानची चकमक झाली आणि 29 जूनला माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम 69अ खाली 59 ॲप्सवर बंदी आली. कारण सार्वभौमत्व आणि सुरक्षेचं होतं. वापरणाऱ्यांचा डेटा देशाबाहेरच्या सर्व्हरवर जातो, हा आक्षेपही पोकळ नव्हता. पण निर्णयाची बाजू घेणारे आणि विरोधक, दोघेही चीनबद्दलच भांडत राहिले. ऐन टाळेबंदीत, हाताला काम नसताना, गावोगावच्या पोरापोरींनी उभं केलेलं आपलं दुसरं रूप एक-दोन दिवसांत दिसेनासं झालं, याची नोंद फार थोड्यांनी घेतली. ज्यांनी व्हिडिओ फोनमध्ये उतरवून ठेवले नव्हते त्यांच्याकडे काहीच उरलं नाही. नव्या ॲपवर जाता आलं, पण जुने अनुयायी सोबत आले नाहीत आणि तिथली चालही वेगळी, जास्त चकचकीत. सुरक्षेचं कारण मान्य केलं तरी लोकांना आपलं काम उतरवून घ्यायला मुदत का दिली नाही, या प्रश्नाला उत्तर मिळालेलं नाही. जानेवारी 2021मध्ये बंदी कायम झाली.

आज इथून कॅमेऱ्यासमोर उभं राहणाऱ्या कलावंताच्या कामात ओळख हा विषय येतो तो या अनुभवातून. दुसरा धागा सरकारी ओळखीचा. देशातला पहिला आधार क्रमांक 29 सप्टेंबर 2010ला नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभलीत दिला गेला. पुढे रेशन दुकानात अंगठ्याच्या ठशावरून ओळख पटवणारं पॉस यंत्र आलं, आणि कोयता धरून, खुरपून झिजलेले अंगठे त्यावर उमटेनात. तेव्हा चेहरा दाखवायची सोय निघाली. ॲप चेहऱ्याभोवती गोल आखतं, डोळे मिचकवा म्हणतं. नाही जमलं तर पुन्हा मिचकवायचे, ॲपची खात्री पटेपर्यंत.