बांध कोरला, आता दावा कसा लावायचा?

हद्दीच्या वादात माणूस वकिलाकडे येतो तो सातबारा घेऊन. "उताऱ्यावर एक हेक्टर वीस आर आहे, प्रत्यक्षात कमी भरतंय, म्हणजे शेजाऱ्यानं खाल्लं." पण सातबारा क्षेत्र सांगतो, हद्द दाखवत नाही. तुमचा बांध कुठून कुठे जातो हे भूमी अभिलेख खात्याच्या टिपणात (मूळ मोजमापाची नोंद), फाळणीत (पोटहिस्स्यांचा नकाशा) आणि गट नकाशात असतं. म्हणून महाराष्ट्रात असा दावा लावायचा असेल तर आधी मोजणी. ती टाळून कोर्टात गेलेला दावा शेवटी मोजणीपाशीच येऊन अडतो, मधला वेळ आणि खर्च मात्र गेलेला असतो.

मोजणीचा अर्ज तालुक्याच्या उप अधीक्षक, भूमी अभिलेख यांच्या कार्यालयाकडे करायचा. मोजणीच्या प्रकारात 'हद्द कायम' लिहा. सोबत ताजा सातबारा (गावठाणात किंवा शहरात असाल तर मिळकत पत्रिका), जागेचा कच्चा नकाशा, चतुःसीमा आणि मोजणी फी भरल्याचं चलन लागतं. उताऱ्यावर भाऊ-बहिणींची नावं असतील तर त्यांच्या सह्या आधीच घेऊन ठेवा. चतुःसीमेतल्या खातेदारांची नावं-पत्ते लिहिताना घाई करू नका. नोटीस या पत्त्यांवरच जाते. शेजारच्या गटाचा मालक वारलेला असेल आणि नोटीस त्याच्याच नावानं गेली, तर 'आम्हाला कळवलंच नाही' हा बचाव वारसांच्या हाती आयता पडतो. मग मोजणी कितीही बिनचूक असो, कोर्टात तिचं वजन घटतं.

भूकरमापक, म्हणजे मोजणी करणारे सरकारी कर्मचारी, आता यंत्रानं मोजतात, पण जुनी टिपणं शंकू साखळीची आहेत. ही साखळी 33 फुटांची, आणि 33 गुणिले 33 म्हणजे 1089 चौरस फूट, एक गुंठा. साखळीचे आणे 16, म्हणजे एक आणा साधारण दोन फुटांचा. ज्या टिपणाचं मापच इतकं जाड, त्याच्या आधारानं वीतभर फरकासाठी कोर्टात जाण्यात मला तरी अर्थ दिसत नाही. दोनशे मीटर लांबीचा बांध एक मीटर सरकला तर दोन आर जातात, तिथे दावा लावणं समजू शकतो.

मोजणीनंतर मिळणारी नकाशाची 'क' प्रत जपून ठेवा. तिच्यात अभिलेखाप्रमाणे हद्द आणि वहिवाटीप्रमाणे हद्द पाहा. या दोन रेषांमधली पट्टी हाच तुमचा वाद. मोजणी मान्य नसेल तर निमताना मोजणी, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, मागता येते. हद्दीबद्दलचे महसुली अधिकार महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 132 पासून पुढे आहेत. मालकीचा किंवा ताब्याचा प्रश्न उभा राहिला की दिवाणी न्यायालय गाठावं लागतं. बांधावरचा रस्ताच अडवला असेल तर तो वेगळा मामला, त्यासाठी तहसीलदार. मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली अडवणूक झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज करावा लागतो.

दावा जमीन जिथे आहे तिथल्याच न्यायालयात लावायचा. मालक लावू शकतो. बाहेरच्या माणसानं अतिक्रमण केलं असेल तर एकटा सहहिस्सेदारही लावू शकतो. कोर्ट फी मूल्यांकनाप्रमाणे लागते. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, त्यासाठी तालुका विधी सेवा समितीत अर्ज करायचा.

सगळ्यात जास्त दावे ढिले पडतात ते मागणीत. पट्टी शेजाऱ्याच्या ताब्यात गेलेली असताना नुसता मनाईहुकूम मागून भागत नाही, अतिक्रमित क्षेत्राचा ताबा मागावा लागतो. भिंत किंवा कुंपण उभं असेल तर ते काढण्याचा आदेशही मागा. तुमच्या मालकीलाच आव्हान असेल तर मालकी जाहीर करून मागा. निकालापर्यंत नवं बांधकाम होऊ नये म्हणून तात्पुरत्या मनाईचा अर्ज दाव्यासोबतच द्या. आणि जमिनीचं वर्णन करताना गट नंबर व चतुःसीमेवर थांबू नका. नेमकी कोणत्या बाजूची, किती लांब-रुंद पट्टी, हे 'क' प्रतीवर रंगवून दाव्याला जोडा.

कागदांत सातबारा, आठ अ, फेरफार, खरेदीखत किंवा वाटणीपत्र आणि मोजणी नकाशा हवेतच. एकत्रीकरण झालेल्या (जमिनीचे तुकडे जोडून गट पाडलेल्या) गावात जुने सर्व्हे नंबर आणि नवे गट यांचा मेळ दाखवणारा उताराही काढा. मोजणी तुम्ही स्वतः करून आणली असेल तर तो नकाशा सिद्ध करायला भूकरमापकाची साक्ष लागते, हे वकिलाला आठवणीनं सांगा. दोन्ही बाजूंचे नकाशे जुळत नसतील तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 26 नियम 9 खाली कोर्ट कमिशनर (जागा पाहून अहवाल देण्यासाठी कोर्टानं नेमलेला माणूस) मागता येतो. त्याचा अहवाल पुरावा असतो, पण अंतिम शब्द नसतो. अहवालावर हरकत घेता येते, कमिशनरला साक्षीदार म्हणून तपासताही येतं.

मुदतीकडे लक्ष ठेवा. शेजाऱ्यानं तुमचा हक्क नाकारून उघडपणे ताबा धरला असेल, तर तिथपासून 12 वर्षांत ताब्याचा दावा लावावा लागतो. 'बघू पुढच्या हंगामात' म्हणता म्हणता ही वर्षं कधी सरतात कळत नाही. ताबा नुकताच जबरदस्तीनं काढून घेतला असेल तर सहा महिन्यांत लावायचा दावा आहे, त्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही.

दावा चालू असताना लोकअदालतीत तडजोड झाली तर भरलेली कोर्ट फी परत मिळते, मात्र त्या निवाड्यावर अपील नाही. म्हणून तडजोडीला नकाशा जोडल्याशिवाय सही करू नका. 2023 ची सलोखा योजना इथे लागू पडेल असं अनेकांना वाटतं. ती एकमेकांची जमीन अदलाबदलीनं कसणाऱ्यांसाठी आहे, कोरलेल्या बांधासाठी नाही.

निकाल बाजूनं लागला आणि शेजारी हटला नाही तर 12 वर्षांच्या आत बजावणीची दरखास्त, म्हणजे निकाल अमलात आणण्याचा अर्ज, करता येते. दरखास्तीतच मागणी करा की ताब्याच्या दिवशी बेलीफासोबत भूकरमापकही हजर असावा. हुकूमनाम्यातले (कोर्टाच्या अंतिम आदेशातले) दोन आर शेतात नेमके कुठून कुठपर्यंत, हे बेलीफाला नुसता नकाशा पाहून दाखवता येत नाही.