गुलाश म्हणजे दाट रस्सा? हंगेरीत विचारून बघा

'गुलाश म्हणजे हंगेरीचा दाट, तिखटजाळ मटण-रस्सा' असं सर्रास सांगितलं जातं. बुडापेस्टमध्ये गाइडबरोबर पायी खाद्यभ्रमंतीला निघालात, तर पहिल्याच वाडग्यात हा समज विरघळेल. समोर येतं ते सूप! लालसर, पातळ, त्यात गोमांस, बटाटा, गाजर आणि शहाजिऱ्यासारखा एक वास. तिथला उच्चार 'गुयाश', अर्थ गुराखी. माळावरचे गुराखी 'बोग्राच' नावाच्या टांगत्या भांड्यात ते शिजवायचे. बाहेर गुलाश म्हणून खपतो तो दाट प्रकार तिथे 'पोर्कोल्ट': कांदा भरपूर, पाणी बेताचं. त्यात आंबट साय पडली की झाला 'पाप्रिकाश'. तेव्हा गुलाश मागवून सूप आलं म्हणून वेटरवर डाफरू नका, चूक त्याची नाही.

तिखटजाळही नसतं ते. 1897 मध्ये उघडलेल्या मध्यवर्ती बाजारात दिसणारी गोडसर पाप्रिका (तिथली लाल मिरची आणि तिची पूड) रंगाला जास्त, जिभेला कमी. आपली ब्याडगी आठवा. पाप्रिका मूळची हंगेरीचीही नव्हे. मिरची अमेरिकेची, आपल्याकडे पोर्तुगीजांनी आणली, तिकडे ती तुर्की अमलात रुजली. पण नाव काढलं हंगेरीनेच: तिथल्या सेगेड शहरात शास्त्रज्ञ आल्बर्ट सेंट-ग्योर्गी यांनी पाप्रिकातूनच 'क' जीवनसत्त्व भरपूर मिळवलं, आणि 1937 चं नोबेलही.

शाकाहारींनी लांगोश घ्यावा: म्हणजे तळलेली जाड पुरीच, वर लसूण, आंबट साय, चीज. घेवड्याच्या सूपला मात्र भुलू नका, त्यात बहुधा धुरी दिलेलं डुकराचं मांस असतं.